नाना आणि त्यांची लढाऊ डोकरी

नाना कुणाच्याही घरी गेले की आधी मोरी बघत. घरचे "या, बसा" म्हणेपर्यंत हे आत जाऊन, नळावर हात फिरवून, "गळस!" असा निकाल देऊन परत आलेले असत. मगच चहा. पिंप्राळ्यातल्या आमच्या कॉलनीत नव्याने आलेल्या कित्येक सुनांनी त्यांना प्लंबर समजून स्वयंपाकघरातलंही काम सांगितलं आहे. नाना प्लंबर नव्हते. ते नौदलातून निवृत्त झालेले खलाशी होते आणि ही खोड त्यांना युद्धात लागली होती.

मूळ गाव सोनगीर. पाणी बघायचं तर विहिरीत वाकायचं, अशा गावचा हा माणूस एकाहत्तरच्या युद्धात एका विनाशिकेवर होता. इंग्रजांनी ती एक महायुद्धभर वापरून मग आपल्याला विकलेली. तिच्या सोबतिणीही त्याच वयाच्या. नाना त्यांना डोकऱ्या म्हणत, म्हणजे म्हाताऱ्या. "एक खोकली का दुसरी कण्हे," ते सांगत. "तोफ उडाडी का आम्हनाच चहाना कप फुटेत!"

गेल्या पावसाळ्यात नाना गेले. मला आठवते ती त्याआधीची सव्वीस जानेवारी.

कॉलनीचा झेंडा दरवर्षी आबा फडकवत. आबा लष्करातले निवृत्त सुभेदार. ते घरी बसले, मिशा अजून नोकरीत. नानांना मरण्याआधी एकदा ती दोरी ओढायची होती. आबा ऐकतात कसले! "मान लढणाऱ्याचा, नाना. तुम्ही बोटीत बसून फिरून आलात." शेवटी तोड निघाली. नानांनी झेंड्याखाली सगळ्यांसमोर आपली कामगिरी सांगायची आणि मग आबांनी ठरवायचं.

मी आदल्या दिवशी नानांना एक झकास भाषण पढवलं. त्यात शत्रूची एक अख्खी पाणबुडी मी स्वखर्चाने बुडवली होती.

"पाठ झालं?"

"बठ्ठं पाठ शे!"

माईक हातात आला आणि नाना माझं भाषण विसरून सरळ सोनगीरच्या बोलीवर आले. "आम्हले वाटनं, खाले पाणबुडी शे. पाण्यात बॉम्ब टाकात. तिले काय व्हयनं माहीत नही. हादरा बसना आम्हनीच डोकरीले. पत्रा उसवना, पाणी आत!"

"मग?" मागून कुणीतरी ओरडलं.

"मंग काय? मायनी दिधेल गोधडी त्या भोकात कोंबी आणि तिले पाठ लाईसन बसनू. बंदर उनं तव्हय उठनू."

पोरं खिदळली. बायकांनी पदर तोंडाला लावले. मी डोळे मिटून घेतले. माझी पाणबुडी फुकट गेली होती.

"आम्ही कोनी बोट बुडाडी नही," नाना म्हणाले. "आम्हनी बुडू दिधी नही. इतलंच."

आबा पुढे आले. कपाळावर आठ्या. "आणि बुडाली असती तर?"

"तर आज तुम्हले भांडाले कोनी नसतं, आबा!"

आबांच्या मिशा आधी थरथरल्या, मग पोट हललं, मग अख्खे आबाच. डोळे पुसत त्यांनी दोरी नानांच्या हातात दिली आणि शेजारी सावधान उभे राहिले.

नानांनी डोकरी बंदरात खेचावी तशी दोरी ओढली. झेंडूच्या सगळ्या पाकळ्या आबांच्या टकलावर. राष्ट्रगीत संपेपर्यंतच काय, जिलबी वाटून होईपर्यंत आबांनी त्यातली एकही झटकली नाही.