साक्षीदार क्रमांक एक आणि दोन

मृत्युपत्रांच्या भांडणांच्या फायली कधीच्या रद्दीत गेल्या, पण त्यांतले किस्से कुणी उचलून नेले नाहीत. ते माझ्याकडेच राहिले आणि चार मित्र जमले की आपोआप बाहेर पडतात. सगळे एकाच खोलीतले, म्हणजे धंतोलीतल्या आबासाहेब वकिलांच्या ऑफिसातले.

सन सत्तरच्या आसपास मी तिथे ज्युनिअर लागलो. वडील वाडीच्या गोदामात ट्रक भरायचे. घराण्यात वकील मी पहिलाच, त्यामुळे ना ओळख, ना बसायला जागा. आबासाहेबांनी खिडकीजवळचं टेबल दाखवलं. "बस इथं. हे तुझं." मी जो काही वकील झालो, तो त्या टेबलामुळे.

*

आबासाहेबांचा हेका एकच. मृत्युपत्र करणाऱ्याने दोन साक्षीदारांसमोर सही करायची आणि साक्षीदारांनी त्याच्यासमोर. एक सही कमी, तर ते मृत्युपत्रच नव्हे.

सावनेरचे एक ऐंशीचे पाटील आपल्या दोन बालमित्रांना साक्षीला घेऊन आले. तिघांत मिळून दात पाच असतील. आबासाहेब म्हणाले, "पाटील, तुमच्या मागं कोर्टात कोण येईन गा? का तिघंही सोबतच निघून राहिले?"

पाटील तणतणत गेले. दुसऱ्या दिवशी गावच्या शाळेतले दोन तरुण मास्तर घेऊन हजर.

*

पाटलांनी शेत विधवा मुलीला दिलं होतं. ते गेल्यावर मुलगे कोर्टात गेले. म्हणे, बाबांचं डोकं ठिकाणावर नव्हतं.

उलटतपासणीत मुलग्यांच्या वकिलाने एका मास्तरांना विचारलं, "पाटील शुद्धीवर होते कशावरून?"

मास्तर म्हणाले, "सही झाल्यावर माझा पेन त्यायनं सोताच्या खिशात टाकला जी. मी मागितला तं म्हणे, हा माझाच आहे."

जजसाहेबांनी हसू दाबलं. शेत मुलीकडेच राहिलं.

*

मृत्युपत्र लिहायच्या आधी आबासाहेब घरच्यांना बाहेर बसवायचे आणि म्हाताऱ्या माणसाला पहिला प्रश्न विचारायचे, "सकाळी काय जेवले?" उत्तर मी फाईलवर टिपून ठेवायचो. माणूस भानावर आहे का, ते तिथेच कळायचं.

एक जावई सासऱ्यांना घेऊन आला. सगळं जावयाच्या नावाने करायचं होतं. सासरे म्हणाले, "काहीच नाही जेवलो. जावई म्हणे, पह्यले सही, मंग जेवण."

ऑफिसला लागूनच आबासाहेबांचं घर. त्यांनी बायकोला, म्हणजे आमच्या काकूंना, ताट वाढायला सांगितलं. सासरे पोटभर जेवले. मृत्युपत्र राहून गेलं, ते राहूनच गेलं.

*

दोघे भाऊ वडिलांचं मृत्युपत्र घेऊन आले. वडील वारलेले. त्यांची सही होती, पण साक्षीदारांची जागा कोरी. "आता आमी दोघं सह्या मारतो. चालते ना?"

"बापाले सही करताना तुमी पाह्यलं काय?"

"नाही जी. पण सही त्यायचीच आहे."

"मंग घरी जा. हा कागद आता भजे बांधाच्या कामाचा."

*

आबासाहेब एका उन्हाळ्यात गेले. त्यांच्या खणात त्यांच्याच अक्षरातला एक कागद निघाला. "ऑफिसची खोली, पुस्तकं आणि खिडकीजवळचं टेबल माझ्या ज्युनिअरला." खाली सही. त्याखाली पट्टीने आखलेल्या दोन ओळी, साक्षीदार क्रमांक एक, साक्षीदार क्रमांक दोन. दोन्ही कोऱ्या. विसरले, की मुद्दाम ठेवल्या, मला आजही सांगता येत नाही.

तेरवीनंतर काकू आणि दोन्ही मुलं ऑफिसात आली. धाकटा सुधाकर डॉक्टर. त्याला त्याच खोलीत दवाखाना काढायचा होता. कागद माझ्यासमोर ठेवून तो म्हणाला, "तू वकील आहेस. सांग, हे चालते काय?"

उद्यापासून कुठे बसायचं, हेच डोक्यात होतं. तरी खोटं बोलायची शिकवण त्या टेबलावर मिळाली नव्हती. म्हटलं, "नाही चालत. साक्षीदार नाहीत. खोली तुम्हा तिघांची."

सुधाकरने कागद पुन्हा वाचला, माझाच पेन घेतला आणि दुसऱ्या ओळीवर सही केली. मग पेन मोठ्या भावाकडे दिला. "मधूभाऊ, एक नंबर तुझा."

मी म्हणालो, "सुधाकरभाऊ, माणूस गेल्यावरची साक्ष..."

"ठाऊक आहे. भजे बांधाच्या कामाची."

मधूभाऊंनीही सही केली. काकूंनी खोलीची किल्ली माझ्या टेबलावर ठेवली आणि विचारलं, "सकाळी काय जेवला गा?"