आणि आता हवामान

इंग्लंडातल्या ग्रिम्सबी या मासेमारी बंदरातल्या डोरीन स्टॅम्पने काय काय केलं नाही! गावच्या वर्तमानपत्रात मयतांच्या बातम्या लिहिल्या, कुत्र्यांच्या प्रदर्शनांची वर्णनं लिहिली, स्वतःचं लग्न झालेलं नसताना 'मार्जरीमावशी' या नावाने नवऱ्यांना कंटाळलेल्या बायकांना सल्ले दिले. पुढे टीव्हीवर गेली, तेव्हा संपावरच्या एका खलाशाने हातातल्या माशासकट तिला मारलेली मिठी सगळ्या देशाने पाहिली. नोकऱ्या बदलत गेल्या. मनापासून जपली ती एकच गोष्ट : क्लाइव्ह हॅविलंडवरचा राग.

हा क्लाइव्ह एके काळी रेडिओ केंद्राचा साहेब. कोवळी डोरीन पहिल्यांदाच माइकसमोर बसून गोदीत मासे साफ करणाऱ्या बायकांबद्दल सांगत होती. वाक्य अर्ध्यात असताना त्याने तिचा आवाज बंद केला आणि हवामान लावून दिलं.

"तुझ्या आवाजाला मासळीचा वास येतो, बाळ," म्हणाला, आणि घरी पाठवलं.

आता त्याच केंद्रावर सकाळचा कार्यक्रम डोरीनचा होता. निवृत्त क्लाइव्हने आत्मचरित्र लिहिलं होतं, आणि त्यात 'डोरीनला मीच शोधून काढलं' असं खुशाल छापलं होतं. डोरीनने त्याला ताबडतोब पाहुणा म्हणून बोलावलं. चहा दिला. वर बिस्किटंही.

काचेपलीकडे यंत्रं सांभाळणारा नॉर्मन हादरला. "बिस्किटं? विषबिष घातलंयस का गं?"

"छे रे! त्याने स्वतःच्या तोंडाने खरं बोलायचं, अख्ख्या गावासमोर. एवढंच हवंय मला."

कार्यक्रम सुरू झाला. "तर क्लाइव्ह, मला शोधलंत कसं?"

"अगं, पहिल्याच दिवशी म्हटलं, या मुलीत काहीतरी आहे!"

डोरीन गप्प बसली. रेडिओवर शांतता पडली की श्रोता गेलाच, हा धडा साऱ्या केंद्राला क्लाइव्हनेच घोकायला लावलेला. नॉर्मन घाबरून हातवारे करू लागला. डोरीनने बिस्किट चहात बुडवलं.

"म्हणजे... बोलणं जरा गावठी होतं."

डोरीनने बिस्किट खाल्लं.

"थोडा ओरडलोही असेन."

तिने दुसरं बिस्किट उचललं.

"बरं बाई, हाकललं मी तुला! मासळीचा वास येतो म्हटलं! माझा बाप त्याच गोदीत मासळीच्या पाट्या वाहायचा. तो वास लपवता लपवता माझा जीव गेला, आणि तू तोच रेडिओवर घेऊन आलीस!" त्याचा आवाज चिरकला. "डोरीन, आज सगळ्यांसमोर मला तुझी..."

पुढचा शब्द डोरीनला ठाऊक होता. तिचं बोट त्याचा माइक बंद करायच्या बटणावर क्षणभर थांबलं. मग तिने ते दाबलं.

"वेळ संपली. आणि आता हवामान."

क्लाइव्ह उघड्या तोंडाने टोपी शोधत निघून गेला.

"माफी मागत होता गं तो," नॉर्मन म्हणाला.

"माहितीय," डोरीन उरलेलं बिस्किट उचलत म्हणाली. "त्या दिवशी मीही काहीतरी सांगत होते."