गाऱ्हाण्याला कोणी 'व्हय म्हाराजा' म्हणेना

मंडळी, सकाळचा एक आवाज कानातून जाईना, म्हणून तुम्हांला सांगतोय.

थोरला भाऊ गेल्यावर आज त्याची होडी पहिल्यांदाच दर्यात जायची होती. होडी सुटण्याआधी देवाला गाऱ्हाणं घालणार त्याचा मुलगा नितीन. भावाच्या जुन्या गाऱ्हाण्याचं रेकॉर्डिंग त्याच्या फोनवर होतंच. ते त्याने लिहून काढलं आणि जरा छान वाटावं म्हणून शब्द बदलून देणाऱ्या ॲपात टाकलं.

नारळ ठेवून तो वाचू लागला, "हे ईश्वरा नृपते, तुझ्या अपत्यांकडून काही वक्र घडले असल्यास ऋजू कर!"

आम्ही हात जोडून उभे. इथे सगळ्यांनी 'व्हय म्हाराजा' म्हणायचं असतं, पण कोणाच्या तोंडून शब्द फुटेना. त्याशिवाय खलाशी होडीत पाय ठेवेनात.

"काका, अर्थ तोच आसा मा?" नितीन रडवेला झाला.

"आसा रे झिला. पण बापाशीचा लाव."

फोनमधून भाऊ बोलला, "बा देवा म्हाराजा, काय वाकडा-नाकडा झाला आसात तर ता सरळ करून घे रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" आम्ही एकदम ओरडलो. फोनमधूनही तोच होकार आला. त्यात गेलेल्या माणसांचे आवाज होते, आणि एक माझाही.

संध्याकाळी होडी सुखरूप परतली. मी मात्र अजून तिथेच उभा आहे. उद्या मी फक्त त्या फोनमध्येच उरेन, तेव्हा माझ्या आवाजात आवाज मिसळायला किनाऱ्यावर कोणी असेल ना?