नावाचा अर्थ सांगणारे भावोजी

माझ्या ताईच्या नवऱ्याला वनस्पती उद्यानात सगळे लॅटिनबुवा म्हणायचे. मी त्यांना भावोजी म्हणायचे आणि ते मला तिकीटबाई. त्याच उद्यानाच्या फाटकाशी मी तिकीट खिडकीत बसते, अजूनही. त्यांचं स्थळ ताईला मीच सुचवलं होतं. पाण्याचा पाइप खांद्यावर टाकून माझ्या खिडकीवरून जाताना हा माणूस रोज काहीतरी बोलून मला हसवायचा, तेव्हा घरातही हसवेल, एवढाच माझा हिशोब.

शाळा त्यांची अर्धवट सुटलेली. उद्यानात लागले ते झाडांना पाणी घालायला. झाडांपुढच्या नावाच्या पाट्या पुसायचं कामही त्यांच्याचकडे होतं. पुसता पुसता ते आमच्या तेव्हाच्या साहेबांना विचारायचे, "साहेब, हे काय लिहिलंय? याचा अर्थ काय?" साहेबांना विचारणारं माणूस हवंच होतं. पाटीमागून पाटी असं करत भावोजींना शेकडो नावांचे अर्थ पाठ झाले. उच्चार मात्र त्यांचे त्यांचेच. साहेब डोक्याला हात लावायचे. पुढे एका रविवारी साहेबांचा घसा बसला आणि लोकांना बाग दाखवायला त्यांनी भावोजींना पुढे केलं. ती फेरी मग कायमची भावोजींचीच झाली.

फेरीतली सगळ्यांची आवडती जागा म्हणजे काचघरामागचा गवताचा उतार. तिथे रानातली ऑर्किडं आपली आपण उगवायची. थंडी सरली की ठिपक्यांच्या पानांतून सरळ दांडा वर यायचा आणि त्याला जांभळी फुलं लागायची. लोक काचघरातली भारी ऑर्किडं बघून आलेले असायचे. त्यांना ही फुलं साधीच वाटायची. मग भावोजी घसा साफ करायचे.

"याचं शास्त्रीय नाव ऑर्किस मास्कुला. अर्थ कुणाला माहीत आहे?"

कुणालाच नसायचा.

"मातीखाली याला दोन कंद असतात, शेजारी शेजारी. जुन्या ग्रीक लोकांनी एक रोप उपटलं, खाली पाहिलं आणि त्यांना जे आठवलं तेच नाव ठेवलं. ऑर्किस म्हणजे गोट्या!"

पोरांना वाटायचं, खेळायच्या गोट्या. मोठ्यांना कळायचं ते कळायचं. एखादी बाई पदर तोंडाला लावायची, एखादा आजोबा खोकल्याच्या आडून हसायचा.

"आणि मास्कुला म्हणजे पुरुषी. म्हणजे बघा, एवढंसं नाजूक फूल, आणि नावात दोन-दोनदा मर्दानगी. जगातल्या सगळ्या ऑर्किडांना ऑर्किड म्हणतात ते याच्याचवरून. बायकोला ऑर्किड भेट देताना जरा विचार करा."

हशा ओसरायच्या आत ते पुढची गोष्ट सांगायचे. दोन कंदांपैकी एक भरलेला असतो आणि एक सुकलेला. भरलेला पुरुषाने खाल्ला तर मुलगा होतो, सुकलेला बाईने खाल्ला तर मुलगी, असं त्या काळी लोक मानायचे. कंदांची पूड दुधात शिजवली की दूध दाट होतं आणि ते अजूनही ताकदीचं म्हणून विकलं जातं. शेवटी आवाज खाली आणून म्हणायचे, "अर्थात, त्यात काही तथ्य नाही." तोपर्यंत लोक पुढच्या झाडाकडे वळलेले असायचे.

एका रविवारी ते त्यांच्या आईला घेऊन आले. मी त्यांना मावशी म्हणते. माझ्या खिडकीतली घडीची खुर्ची भावोजींनी उतारापाशी नेऊन मांडली, त्यावर मावशी बसल्या, शेजारी मी उभी राहिले. मुलगा बोलतो आणि एवढी माणसं ऐकतात, हे त्या पहिल्यांदाच पाहत होत्या. सगळे हसले तेव्हा त्या हसल्या नाहीत. टक लावून ऐकत राहिल्या. मला वाटलं, शब्द ऐकून ओशाळल्या असतील.

ताईला मूल होत नव्हतं. ती गणवेश शिवायच्या कारखान्यात कॉलर जोडायचं काम करते. दुपारी रजा टाकून दवाखान्यात जायची. तपासण्या सगळ्या तिच्याच झाल्या. भावोजींना कुणी काही विचारलं नाही. ते आपणहून बोललेही नाहीत, आणि बोलायला त्यांच्याकडे होतं, हे आम्हाला फार उशिरा कळलं.

आंघोळ करताना त्यांच्या हाताला गाठ लागली होती. दुखत नव्हती, म्हणून त्यांनी ती मनाआड केली. मग जडपणा आला, तेव्हा सायकल सोडून चालत यायला लागले. ताईला सांगितलं, कंबर धरली आहे. दर रविवारी पन्नास माणसांसमोर जो शब्द हसत हसत म्हणायचे, तो बायकोजवळ त्यांच्या तोंडून निघेना.

एक दिवस खताचं पोतं उचलायला वाकले आणि तसेच खाली बसले. घामाने डबडबलेले. मी खिडकी बंद केली, रिक्षा बोलावली, ताईला कारखान्यातून घेतलं आणि दवाखाना गाठला. डॉक्टरांनी विचारलं, "कुठे दुखतंय?"

"कंबर."

"आणखी?"

भावोजी फरशीकडे बघत म्हणाले, "या दोघींना जरा बाहेर जाऊ द्या."

बाहेर आले तेव्हा त्यांचा चेहरा पांढराफटक पडला होता. डॉक्टर ताईला म्हणाले, "वेळेत आलं तर हा आजार बरा होण्यातला आहे. आता पोटातल्या गाठींपर्यंत गेलाय. तरी आपण प्रयत्न करू."

ऑपरेशनच्या आदल्या दिवशी सही करायचा कागद आला. ताई एकेक अक्षर लावत वाचायला लागली आणि एका शब्दाशी थांबली. "ऑर्किडेक्टमी. अहो, यात तुमचं फूल कुठून आलं?"

मी पलंगाच्या पायथ्याशी उभी होते. भावोजींनी कागद तिच्या हातातून घेतला, पुन्हा दिला. "फूल नाही गं. फुलाला ज्याचं नाव दिलं, ते. ते कापून काढणार आहेत."

ताई त्यांच्या फेरीला कधी आलीच नव्हती. रविवारी तिचा कपडे धुवायचा दिवस असायचा. अख्ख्या शहराला माहीत असलेला अर्थ तिला तिथे, त्या पलंगाशी कळला. तिने सही केली आणि बाहेर नळावर जाऊन बराच वेळ तोंड धूत उभी राहिली.

ऑपरेशन झालं, मग केमो सुरू झाली. केस गेले, अन्न पोटात ठरेना. मूल होण्याची आशा आता धरू नका, असं डॉक्टरांनी दोघांना समोर बसवून सांगितलं. घरी आल्यावर ताईने ते सासूच्या कानावर घातलं. मावशी भाजी निवडत होत्या, निवडत राहिल्या.

तो फुलांचा हंगाम होता. एका सकाळी आमचा रखवालदार धावत खिडकीशी आला. काचघरामागचा उतार कुणीतरी उकरला होता. मी जाऊन पाहिलं. जागोजाग खड्डे, आणि फुलं लागलेले दांडे तसेच टाकून दिलेले. एकही रोप जाग्यावर नव्हतं. साहेबांच्या जागी आलेल्या संचालकबाई कमरेवर हात ठेवून उभ्या होत्या. "कंदांची पूड विकणाऱ्यांचं काम आहे हे," म्हणाल्या.

संध्याकाळी मी ताईकडे गेले आणि मला राहवलं नाही, भावोजींना सांगून टाकलं. ते उशीला टेकून बसले होते.

"किती उरली?"

"काहीच नाही, भावोजी."

ऑपरेशनला, केमोला जे डोळे कोरडे राहिले होते, ते त्या दिवशी भरून आले. आतल्या खोलीत मावशी काहीतरी उकळत होत्या, त्यांनी गॅस बारीक केल्याचा आवाज आला.

पुढच्या आठवड्यात मी गेले तेव्हा मावशी त्यांना कप देत होत्या. ताई कामावरून यायची होती. भावोजींनी एक घोट घेतला आणि जिभेवर तसाच धरला. मग कप तिरका करून पाहिला. दूध कडेला चिकटून सावकाश खाली येत होतं.

"आई, दूध दाट का लागतंय?"

"आटवलंय."

"आटवलेलं असं लागत नाही. चिकट आहे."

मावशींनी पदराने हात पुसले. "तूच सांगत होतास ना सगळ्यांना? भरलेला कंद पुरुषाने खायचा म्हणून? मी बसले होते की खुर्चीवर."

भावोजींनी कप खाली ठेवला. त्यांना ओरडायचं होतं, हे मला दिसत होतं. पण अंगात त्राणच नव्हतं.

"आई, ते खोटं आहे असंही मी सांगायचो."

"ते हळू सांगायचास," मावशी म्हणाल्या. "आधीचं मोठ्याने सांगायचास, लोक हसायचे. मग हळूच काहीतरी पुटपुटायचास. मला कमी ऐकू येतं, हे तुला माहीत आहे."

भावोजींनी कप उचलून उरलेलं दूध पिऊन टाकलं. मावशींनी कप घेतला, आत नेला आणि मोरीशी बसून हुंदके देत रडल्या. आपल्या हातून काय झालं ते त्यांना तेव्हा कळलं, की मुलगा बरा होणार नाही हे कळलं, मला सांगता येणार नाही.

"ताईला सांगू?" मी विचारलं.

"मी सांगेन. तू फक्त उद्या मला बाईंकडे ने."

दुसऱ्या दिवशी टोपी घालून, माझ्या खांद्याचा आधार घेत ते संचालकबाईंसमोर उभे राहिले. "उतार माझ्याच घरातल्या माणसाने उकरला," म्हणाले. "आईने केलं, पण कारण मी आहे. नोकरीचं काय ते तुम्ही ठरवा."

बाईंनी त्यांना बसायला सांगितलं. मग रागावल्या, खरंच रागावल्या. "बी रुजून फूल यायला किती वर्षं लागतात, माहीत आहे ना तुम्हाला? मातीतली बुरशी जुळून आली तरच रुजतं." भावोजींनी मान हलवली. शेवटी बाई म्हणाल्या, "बरे होऊन या. फेरी तुमचीच आहे."

ते आले, पुढच्या वर्षी. बरे होऊन नव्हे, पण चालता येत होतं. त्या उतारावर नुसतं गवत होतं. ते थांबतील असं मला वाटलं नव्हतं, म्हणून मी खिडकी सोडून मागे मागे गेले होते. ते थांबले.

"इथे रानातली ऑर्किडं होती. ऑर्किस मास्कुला. ऑर्किस म्हणजे पुरुषाचं वृषण." शब्द त्यांनी स्पष्ट म्हटला. दोन-चार जण हसले. ते हसणं संपेपर्यंत भावोजी थांबले. "मला तिथेच कॅन्सर झाला. गाठ हाताला लागली होती, पण मी लाजलो. महिनोन्महिने लाजलो. तुमच्यापैकी कुणाला लागली तर लाजू नका, त्याच आठवड्यात डॉक्टर गाठा. आणि हे मोठ्याने सांगतोय, कारण पूर्वी जे मोठ्याने सांगायला हवं होतं, ते मी हळू सांगितलं."

एका गृहस्थाने मुलीचा हात धरून तिला तिथून नेलं आणि जाताना माझ्याकडे तक्रारीची वही मागितली. सहकुटुंब येणाऱ्या जागी असलं बोलणं शोभत नाही, असं लिहून गेला. बाईंनी ते वाचलं आणि वही मिटली. पुढच्या रविवारी भावोजी तेच बोलले. त्याच्या पुढच्याही. एकदा फेरी संपल्यावर एक तरुण मागे रेंगाळला. दोघं काचघराच्या पायरीवर बसून हळू आवाजात बोलत होते. त्याचं पुढे काय झालं ते आम्हाला कधी कळलं नाही.

पावसाळ्याच्या आत दुखणं उलटलं, फुप्फुसात गेलं. शेवटचे दिवस घरीच काढले. श्वास लागायचा म्हणून बसूनच झोपायचे, ताईच्या खांद्याला पाठ टेकून. मावशी पायाशी. एका दुपारी ताई मला फोनवर फक्त "ये" म्हणाली. मी पोचले तेव्हा ती तशीच बसून होती, त्यांचं ओझं खांद्यावर घेऊन. मावशी तिला म्हणत होत्या, "ठेव आता त्याला खाली, पोरी, तुझा हात अवघडला असेल."

नंतर मी ताईला माझ्याकडे राहायला ये म्हटलं. माझ्या घरी दुसरं कुणी नाही, सासूशी तुझं आता काय बांधलंय, असंही बोलून गेले. ताई चिडली नाही. म्हणाली, "त्यांना मी नाही तर कोण आहे? आणि मला तरी?"

ताईने मावशींना कधी माफ केलं का, हे मी विचारलेलं नाही. घरात बसून बसून मावशी भिंतीशी बोलायला लागल्या, तेव्हा ताईने मुकादमाला विचारून त्यांना कारखान्यात नेलं. आता दोघी सकाळी डबे घेऊन एकाच बसने जातात. ताई मशीनवर कॉलर जोडते. मावशी शेजारी स्टुलावर बसून सदऱ्यांना बटणं लावतात. सुईत दोरा ओवता येत नाही त्यांना, नजर गेली. ताई मधूनमधून मशीन थांबवते, पाच-सहा सुया ओवून त्यांच्यापुढे ठेवते आणि पुन्हा कामाला लागते.