पिवळी चिंधी

मुरबाडच्या एसटी स्टँडवर मला सोडायला घरातून सात जण आले होते. बोअरच्या गाडीवर शहापूर-मुरबाडची गावं पालथी घातलेला मी आता आफ्रिकेत, मालीत, भोकं पाडायला निघालो होतो, म्हणून आमच्या गावात, वैशाखऱ्यात, माझा भाव वधारला होता. आई डोळे पुसत होती. बाबांनी बॅग वर चढवली आणि एवढंच म्हणाले, "कोनाच्या भांडनात पडू नको रे. आपलं पानी काडायचं न् गप ऱ्हायाचं." मला हसू आलं. वाळवंटात भांडायला माणूस तरी भेटेल का?

माणसं भेटली, बंदुकांसकट. तिथले तुआरेग म्हणजे वाळवंटात गुरं घेऊन फिरणारे लोक. त्यांच्यातल्या काही टोळ्या सरकारविरुद्ध लढत होत्या, आणि त्यांना आवरायला सरकारने तुआरेगांचीच दुसरी टोळी हाताशी धरली होती. आमच्या रिगची, म्हणजे बोअर पाडायच्या यंत्राची, राखण या सरकारी बाजूच्या टोळीकडे. राखण कसली, मला त्यांचीच जास्त भीती वाटायची. दोन्हीकडे नाकापर्यंत गुंडाळलेले तेच फेटे, तीच भाषा, तसल्याच पिकअप. एकाचा मावसभाऊ पलीकडे, दुसऱ्याचा मेव्हणा. आमच्या राखणदारांच्या गाड्यांच्या एरियलला रंगीत चिंध्या असत, कधी निळ्या, कधी लाल. आपले ट्रकवाले गोंडे लावतात तशी हौस असेल, असं मी धरून चाललो. खरं तर ती त्यांची एकमेकांना ओळखायची खूण होती, अधूनमधून बदलणारी.

माझा सगळा जीव मुसावर. मुसा आमचा ड्रायव्हर, तोही तुआरेग. त्याचं इंग्रजी मोडकं, माझंही मोडकं, त्यामुळे आमचं छान जमायचं. त्याचा भाऊ आमची राखण करणाऱ्या टोळीत होता.

खंडेनवमी आली. हार घातल्याशिवाय त्या दिवशी आपण यंत्राला हात लावत नाही, हे तुम्हाला काय सांगायचं! पण तिथे झेंडू कुठला? मी माझा पिवळा टॉवेल फाडला आणि उजाडताच रिगला, कंप्रेसरला, ट्रकच्या एरियलला पट्ट्या बांधल्या. मुसाने विचारलं तेव्हा म्हटलं, आज यंत्रांचा सण. त्याला फार मजा वाटली. उरलेली पट्टी त्याने स्वतः स्टिअरिंगला बांधली.

तासाभरात टोळीच्या तीन पिकअप आल्या. तिन्हींच्या एरियलला पिवळी चिंधी होती. त्यांनी रंग त्याच सकाळी बदलला होता.

त्यांचा म्होरक्या चष्मा लावणारा, हळू आवाजात बोलणारा माणूस होता. त्याने मुसाकरवी विचारलं, हा रंग फक्त आम्हाला माहीत, तुम्हाला कोणी सांगितला? मुसा आदल्या संध्याकाळी भावाला भेटून आला होता. आज खूण तुमच्याकडे पोचली, उद्या शत्रूच्या गाड्यांवर दिसेल, असं म्होरक्याचं म्हणणं. मुसा सणाचं सांगू लागला तर त्याला गप्प केलं. मला फ्रेंचमधले पाणी, पाइप, डिझेल, उद्या एवढेच शब्द येत. माझ्या वतीने बोलणारा एकच माणूस, आणि संशय त्याच्यावरच.

म्होरक्याने सॅटेलाइट फोनवरून बामाकोला, राजधानीतल्या आमच्या साहेबांना विचारलं, आज तुमच्यात कसला सण? साहेब उत्तर भारतातले. त्यांना खंडेनवमी काय माहीत! त्यांनी सांगून टाकलं, सण उद्या आहे, शत्रूचा पुतळा जाळतात.

फोन ठेवून म्होरक्या माझ्यासमोर उभा राहिला. सावकाश इंग्रजीत विचारलं, "याने सांगितलं?"

एका शब्दाचं उत्तर होतं. 'नाही' म्हणायला कुठली भाषा लागते? पण नाही म्हटलं तर मलाही सामील धरतील, एवढंच डोक्यात. बाबांचं बोलणं आठवलं आणि त्याच्याआड मी लपलो. वाळूकडे बघत गप्प राहिलो. मुसाला त्यांनी पिकअपमध्ये बसवलं. त्याने वळून माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत राग असता तर बरं झालं असतं.

तो परत आला नाही. आठवड्याभरात कंपनीने आम्हाला बामाकोला हलवलं. मी नोकरी सोडली, इथेच हातपंप दुरुस्तीचं दुकान टाकलं. तुम्हा घरच्यांना वाटलं, पोराने तिकडे बाई ठेवली. आई दर वर्षी फोनवर म्हणते, "दसऱ्याला तरी घरी येशील ना रं?" मी कामाचं निमित्त सांगतो.

खरं आज लिहितो. मुसाची बायको मुलांना घेऊन याच शहरात आलीय, माझ्यापासून दोन गल्ल्यांवर. मुसाला बंडखोरांनी नेलं, असं टोळीने तिला सांगितलंय. तिचा पंप मीच दुरुस्त करतो, पण अंगणातून परत फिरतो. खरं सांगितलं आणि ते टोळीच्या कानावर गेलं तर तिच्या मुलांचं काय, ही भीती आहे. आणि ती माझ्याकडे कशी बघेल, ही त्याहून मोठी.

आई, जिथे शिरायला धीर लागत नाही ते घर, अशी माझी समजूत होती. आता घर म्हटलं की मला मुसाच्या बायकोचंच दार दिसतं. ते ओलांडल्याशिवाय तुझ्या दारात कुठल्या तोंडाने येऊ?

काल पंपाचा वॉशर बदलून हात धूत होतो. ती म्हणाली, "आत ये, तू त्याचा दोस्त, हे तुझंच घर."

मी म्हटलं, घाई आहे.