न धुतलेली चादर

लेकीच्या हातात पेन्सिल दिसली की घरातले सगळे तोंडाला कुलूप लावत. ती ऑपेरा लिहायची, म्हणजे गायकांच्या तोंडी घालायचे शब्द. आणि ते आणायची घरातून. आत्याची भांडणं, मामाच्या थापा, सगळं रंगमंचावर सुरात ऐकू यायचं. बारा वर्षांत असे चार ऑपेरा झाले. अधूनमधून ती छोट्या, विनापैशाच्या सिनेमांत कामं करायची. कपडे स्वतःचे, शूटिंगला घर दुसऱ्याचं.

"बघायला जातं कोण गं?" आत्या विचारायची.

"काम करणारे आणि त्यांच्या आया," आई सांगायची.

वडील गेले त्या दिवशी आई त्यांच्या कानाशी वाकून म्हणाली होती, "सुटा आता एकदाचे. मीही सुटते." चार महिन्यांनी नव्या ऑपेरात एका भारदस्त गायिकेने तेच वाक्य तीनदा आळवलं. लोक रडले. आईला वाटलं, आपलं उष्टं कुणी गावजेवणात वाढावं तसं.

तरी तिने सोडून दिलं. पोटची पोर, नाव होत होतं.

मग त्याच प्रसंगावर सिनेमा काढणारा दिग्दर्शक घरी आला. आईचं काम लेकच करणार, तेही वडिलांच्याच खोलीत. त्याने न विचारता कपाटातली पिशवी सोडली. आत वडिलांच्या शेवटच्या दिवसाची चादर होती. धुवायला आईचा हात धजावला नव्हता. त्याने चादरीत नाक खुपसलं.

"वा! काकू, ही धुऊ नका हं. वास कॅमेऱ्यात येत नाही, पण चेहऱ्यावर येतो."

आता तरी ही त्याला झापेल, म्हणून आईने लेकीकडे पाहिलं.

"एकच दिवस, आई," लेक म्हणाली. "असा रोल पुन्हा मिळायचा नाही."

दुसऱ्या दिवशी मंडळी सामान घेऊन आली, तेव्हा आई न्हाणीघरात ती चादर घासत बसली होती.

"आई! हे काय केलंस?"

"केव्हाच करायला हवं होतं ते. तुझ्या बापाचा घाम आहे हा, अत्तर नव्हे."

"काकू, अहो, शूटिंग..." बाहेरून आवाज आला.

"किळस आलेला चेहराच हवाय ना त्याला? माझा घे म्हणावं. फुकट!"

लेक हसली नाही. तिने गढूळ पाण्यात हात घालून चादरीचं दुसरं टोक उचललं. वास नाकात गेला आणि तिचं तोंड वेडंवाकडं झालं. नेमका हवा होता तोच चेहरा, आणि कॅमेरा दाराबाहेर.

"यातलं एक अक्षर कुठे गायलं गेलं तर याद राख," पीळ देत आई म्हणाली.

लेकीने पायानेच दार लोटून बंद केलं.