खरं बोलायला लावणारे खडे

लेकीने सुट्टीत एक जादूची गोष्ट लिहिली, बेचाळीस पानांची. त्या गोष्टीतला खडा खाल्ला की माणसाला खोटं बोलताच येत नाही. तिने वही मला वाचायला दिली, आणि दोन दिवसांनी मी ‘छान आहे’ म्हणून मोकळा झालो.

रविवारी तिने तेच खडे चॉकलेटचे करायला घेतले. गॅस पेटवायचा नव्हता. दोनशे ग्रॅम मारी बिस्किटांचा चुरा, तीस ग्रॅम कोको आणि गोळा वळेल इतकं कंडेन्स्ड मिल्क. वजनकाटा माझ्याकडे होता. पंधरा ग्रॅमचा एक, असे चोवीस खडे झाले. मी ते दोनदा मोजून तासभर फ्रीजमध्ये ठेवले.

पहिला तिने मला दिला आणि मी तो खाईपर्यंत समोर बसून राहिली.

“बाबा, आता खरं सांगा. माझी गोष्ट किती पानं वाचली?”

आकडा खोटा सांगणं मला एरवीही जमत नाही.

“नऊ,” मी म्हणालो.

“बेचाळिसातली नऊ, आन् म्हणे छान हाय,” बायको ओटा पुसत म्हणाली. “बराबर सापडले.”

लेक हसली नाही. तिने वही आणून माझ्या मांडीवर ठेवली आणि आत निघून गेली.

मी दहाव्या पानापासून वाचायला लागलो. एकविसाव्या पानावर एक राक्षस आला. तो रोज झोपण्याआधी जंगलातली झाडं मोजायचा आणि एक जरी कमी भरलं तरी पुन्हा पहिल्यापासून मोजायचा. मी ते बायकोला वाचून दाखवलं.

“वळखीचा वाटून राह्यला,” ती म्हणाली.

मी आत हाक मारली, “कमी भरलेलं झाड त्याला सापडतं का गं?”

“पुढं वाचा,” आतून आवाज आला.